कासा-सायवन-उधवा : या रस्त्यानं काय नेलं, काय आणलं

आज बातमी नाही, आपल्या रस्त्याची गोष्ट सांगतो. पोस्ट लांब आहे, सवडीनं वाचा.

चारोटीला महामार्ग सोडून जव्हारच्या दिशेनं निघालं की थोड्याच वेळात कासा लागतं. तिथून उत्तरेकडे फुटतो तो आपला राज्यमार्ग. वाघाडी, सायवन, मग तालुका बदलून उधवा, आणि पश्चिमेला वळून तलासरी. तिथे पुन्हा महामार्ग. नकाशात बघा, महामार्गाच्या पाठीमागून काढलेला हा वळसा आहे. उधव्याहून दुसरी वाट खानवेल-सिल्वासाला जाते.

किलोमीटरच्या दगडाचा माथा हिरवा असला की तो राज्यमार्ग, पिवळा असला की राष्ट्रीय. राष्ट्रीय, प्रांतिक, जिल्हा, ग्रामीण अशी रस्त्यांची वर्गवारी १९४३ च्या नागपूर योजनेत ठरली. प्रांतिकचे पुढे राज्यमार्ग झाले. पण रस्ता कुठल्या वर्गात बसतो ते दगड सांगतो. कुणाच्या कामाचा आहे ते इतिहासालाच विचारावं लागतं.

१८६४ मध्ये मुंबई-सुरत रेल्वे सुरू झाली आणि डहाणूचं जंगल एकदम मुंबईच्या हाताला लागलं. इमारतींना साग हवा होता, तबेल्यांना गवत. ठेकेदार आले, सावकार आले, पाठोपाठ जमिनी गेल्या. ज्यांची जमीन गेली तेच वारली त्याच जमिनीवर वेठीला राबू लागले. मालकाचं शेत नांगरायचं, लाकूड तोडायचं, ओझी वाहायची, मजुरी नाही. लग्नाला कर्ज घेतलं की नवरा-बायको दोघं सावकाराची 'लग्नगडी'.

२३ मे १९४५ रोजी झरीला हजारो वारली जमले आणि ठरलं, वेठ करायची नाही. किसान सभेचे शामराव आणि गोदावरी परुळेकर सोबत होते. मग मजुरीची मागणी आली : पाचशे पौंड गवत कापायला अडीच रुपये. त्याच वर्षी १० ऑक्टोबरला तलवाड्याला जमलेल्या लोकांवर गोळीबार झाला. जेठ्या गांगड आणि आणखी चार जण गेले. भांडण सरळ होतं. आमच्या अंगणातून जो माल जातो त्याचं मोल आम्हाला द्या, एवढंच.

सायवन जागचं हललं नाही, पण चारी बाजूच्या हद्दी हलल्या. पलीकडे मुकण्यांचं जव्हार संस्थान होतं, ते १९४८ ला विलीन झालं. उधव्यापलीकडे पोर्तुगीज होते. २ ऑगस्ट १९५४ ला सिल्वासा मुक्त झालं. १ मे १९६० ला उंबरगाव तालुक्याचा बहुतेक भाग गुजरातेत गेला, उरलेली गावं तलासरी म्हणून राहिली. १ ऑगस्ट २०१४ ला आपण ठाण्याचे पालघरचे झालो. म्हणून तर इथे बाजार वापीचा, दवाखाना सिल्वाशाचा आणि मत महाराष्ट्राचं, असा संसार चालतो.

आता जंगलाचा माल पूर्वीसारखा जात नाही. पाणी जातं. कासा ज्या सूर्या नदीकाठी आहे तिच्यावर धामणी धरण झालं, खाली कवडासचा बंधारा. तिथून वसई-विरार आणि मीरा-भाईंदरसाठी मिळून रोज ४०३ दशलक्ष लिटरची योजना आहे. शहराला पाणी मिळू नये असं मी म्हणत नाही. पण उन्हाळ्यात डोक्यावर हंडा घेऊन बाया याच रस्त्याच्या कडेनं चालताना दिसतात, ते कसं विसरायचं?

आणि माणसं जातात. भातकापणी उरकली, दिवाळी झाली की पहाटे जीप आणि टेम्पो भरायला लागतात. चूल, भांडी, कोंबड्या, मुलं, सगळं वर. वसई-भिवंडीकडच्या वीटभट्ट्या, बांधकामं, वापी-उंबरगावचे कारखाने. परत यायचं ते होळीला. शाळेच्या हजेरीपटावर तेवढे महिने रिकामे.

बाहेरच्या जगाला हा भाग कळला तो १६ एप्रिल २०२०च्या रात्री. लॉकडाऊन होता. कांदिवलीहून सुरतेला अंत्यविधीसाठी निघालेले दोन साधू आणि त्यांचा चालक आतल्या रस्त्यानं आले आणि सायवनजवळ गडचिंचल्याला जमावानं तिघांना ठार केलं. आधी कित्येक दिवस मुलं पळवणाऱ्या टोळीच्या अफवा मोबाईलवर फिरत होत्या. त्या आठवड्यात मला बाहेरच्या पत्रकारांचे फोन यायचे, सगळ्यांचा पहिला प्रश्न : हा रस्ता नेमका जातो कुठे? झालं त्याचं समर्थन होऊच शकत नाही, मी तेव्हाही ते लिहिलं. पण एक गोष्ट तेव्हा खटकली, आजही खटकते. अफवा आमच्या पाड्यांवर मिनिटात पोचली, खरी माहिती घेऊन कुणी वेळेवर आलं नाही.

आत येणारं काहीच नाही का? आहे. चैत्र पौर्णिमेला महालक्ष्मीची यात्रा भरते. झेंडा जव्हारच्या मुकणे घराण्याचा, तो मध्यरात्री गडावर चढवणारा पुजारी वाघाडीचा. तेव्हा सगळ्या वाटा भरून येतात. एस.टी. येते, आश्रमशाळेत पोरं येतात. सायवनच्या आरोग्य केंद्रातून अडलेली बाळंतीण कासा उपजिल्हा रुग्णालयात जाते तीही याच रस्त्यानं, आणि तेव्हा खड्डा म्हणजे नुसता खड्डा नसतो.

म्हणून माझं म्हणणं एवढंच. या रस्त्याचं मोजमाप ट्रक किती वेगानं बाहेर पडतो यावर नको. रुग्णवाहिका किती लवकर आत पोचते यावर करा. डहाणू-तलासरी पेसा क्षेत्र आहे, ग्रामसभेत हा विषय घ्या. काम निघालं की फलक वाचा, फोटो काढा. खर्च, ठेकेदार आणि दोष दायित्व कालावधी तिथे लिहिलेला असला पाहिजे. त्या मुदतीत रस्ता उखडला तर ठेकेदारानं स्वखर्चानं दुरुस्त करायचा असतो. कुणाकडे हात जोडायची गरज नाही.

घरात ऐंशीच्या पुढचं कुणी असेल तर विचारा, डांबर पडायच्या आधी या वाटेनं काय काय जायचं. सांगतील ते खाली लिहा. वारलीत लिहिलंत तर आणखी चांगलं.