हाती नसलेल्या मालाचा सौदा

उत्तर हॉलंडमधल्या एग्मंड इथे इसाक ल मेर या व्यापाऱ्याला 1624 मध्ये मूठमाती दिली. त्याच्या थडग्याच्या शिळेवरचा मजकूर असा : जगभरच्या व्यापारात देवाने या माणसाला इतकं भरभरून दिलं की, तीस वर्षांत त्याने गिल्डरांची मोठी रास घालवली, अब्रू मात्र शाबूत राहिली. बुडालेली रक्कम अशी मिरवणारा हा गृहस्थ म्हणजे शेअरबाजारातल्या मंदीवाल्यांचा मूळपुरुष. हाती नसलेला शेअर आज विकायचा, मुदत भरताना बाजारातून उचलून पोचता करायचा आणि दरम्यान भाव पडला असेल तर मधला फरक खिशात घालायचा, या व्यवहाराची कुळकथा त्याच्यापासून सुरू होते.

ल मेर मूळचा तूर्नेचा. अँटवर्पला त्याचं व्यापारात बस्तान बसलं होतं. पण 1585 मध्ये ते शहर स्पॅनिश फौजेच्या ताब्यात गेलं आणि व्यापाऱ्यांची रीघ उत्तरेकडे लागली. त्यांच्याबरोबर तोही ॲम्स्टरडॅमला आला. 1602 मध्ये डच ईस्ट इंडिया कंपनी निघाली. पुढे आपल्या वेंगुर्ल्याला वखार घातली ती हिनेच. ॲम्स्टरडॅममध्ये भांडवलाची नोंदणी डर्क व्हान ऑस या संचालकाच्या घरी झाली. त्याच्या मोलकरणीनेही वहीत 100 गिल्डर मांडले. ल मेरने मांडले 85,000. इतके दुसऱ्या कुणाचेच नव्हते.

त्याआधीची रीत साधी होती. एका सफरीपुरते पैसे घालायचे, जहाज मसाले घेऊन परतलं की माल विकून वाटणी करायची आणि मोकळं व्हायचं. नव्या कंपनीने पैसे घेतले ते दहा वर्षांच्या बोलीवर. ज्याला मधेच गरज पडेल त्याने आपला हिस्सा दुसऱ्याला विकावा, एवढी मुभा ठेवली. पण हातात धरावा असा शेअरचा कागद नव्हता. विकणारा आणि घेणारा दोघांनी कंपनीच्या कचेरीत जायचं, कारकुनाने विकणाऱ्याच्या खात्यावर शिल्लक आहे ना ते पाहायचं, दोन संचालकांची मान्यता घ्यायची, मग रक्कम या खात्यातून त्या खात्यात लिहायची. ही खटपट रोज कोण करणार? बंदराजवळच्या नव्या पुलावर जमणाऱ्या व्यापाऱ्यांनी वाट काढली. भाव आज ठरवायचा, नोंद आणि पैसे अमुक तारखेला. धान्याचे आणि हेरिंग मासळीचे असे वायदे त्यांच्या अंगवळणी पडलेलेच होते.

ल मेरने या मुदतीचंच हत्यार केलं. हिशेबावरून खटके उडून 1605 मध्ये तो संचालक मंडळातून बाहेर पडला होता; कंपनीशी स्पर्धा करणार नाही असं लिहूनही द्यावं लागलं होतं. 1609 मध्ये त्याने साथीदार जमवून गुपचूप एक मंडळी उभी केली. मंडळी कंपनीचे शेअर वर्ष-दोन वर्षांच्या वायद्याने विकत सुटली. जवळ होते त्याहून कितीतरी जास्त. समजा, वर्षाच्या वायद्याने 150 ला विकला आणि मुदतीला भाव 130 झाला, तर 130 ला घेऊन 150 ला द्यायचा, 20 सुटले. भाव खाली यावा म्हणून कंपनीबद्दल वाईटसाईट वावड्याही उठवल्या जात होत्या.

भाव खरंच घसरला. संचालकांनी सरकारकडे धाव घेतली : विधवा आणि पोरक्या मुलांची पुंजी यात आहे, ती हे लोक बुडवताहेत. मंदीवाल्यांचं उत्तर होतं की, भाव पडतो तो तुमच्या कारभारामुळे. गेल्या चारशे वर्षांत प्रत्येक मंदीत हेच दोन युक्तिवाद ऐकू येतात. सरकारने कंपनीची बाजू घेतली. 27 फेब्रुवारी 1610 रोजी हुकूम निघाला : नावावर नसलेला शेअर विकायचा नाही, विकलेला महिन्याच्या आत नावावर करून द्यायचा. पुढे भाव चढला आणि मंडळी गाळात गेली. ल मेर शहर सोडून एग्मंडला राहायला गेला.

त्याचं वैर मात्र संपलं नाही. कंपनीची मक्तेदारी चुकवून पूर्वेला जाणारी वाट शोधायला त्याने 1615 मध्ये मुलगा याकोबला धाडलं. याकोब आणि त्याच्या मोहिमेतला कप्तान स्काउटन यांनी पुढल्या वर्षी केप हॉर्नला वळसा घातला. तिथल्या सामुद्रधुनीला आजही ल मेर हेच नाव आहे. पण जावा बेटावर पोचताच कंपनीने जहाज जप्त केलं आणि परतीच्या प्रवासात याकोब वारला.

इकडे बंदी झाली तरी वायदा थांबला नाही. सरकारला 1621 मध्ये आणि नंतरही तेच हुकूम पुन्हा काढावे लागले, यातच काय ते आलं. बंदीचा परिणाम झाला तो निराळाच. अशा सौद्याची फिर्याद कोर्टात उभी राहीना, म्हणून तोट्यात गेलेला माणूस कायद्याकडे बोट दाखवून हात झटकू शकत होता. ॲम्स्टरडॅमच्या जोसेफ द ला व्हेगाने 1688 मध्ये शेअरबाजारावरचं पहिलं पुस्तक लिहिलं. या बंदीहुकुमाचा आधार घेऊन सुटणाऱ्यांचा उल्लेख त्यात आहे. असं करणाऱ्याशी पुन्हा कुणी सौदा करत नसे. मग ओळखीपाळखीच्या लोकांची कोंडाळी झाली, ठरावीक तारखेला एकत्र बसून देणीघेणी वळती करून नुसता फरक चुकवायची पद्धत पडली. वायद्याला शिस्त लागली ती बंदीच्या आडोशाला.

पण शब्दावर चालणारा बाजार ओळखीच्या माणसांपुरताच टिकतो. मुंबईला हे 1865 मध्ये कळलं. अमेरिकेतल्या यादवी युद्धाने कापसाचा पैसा शहरात लोटला, आणि बॅक बे भराव कंपनीसारख्या शेअरांचे वायदे 1 जुलैच्या मुदतीने झाले. करणारे कोण? ज्यांनी एकमेकांचं तोंडही पाहिलं नव्हतं असे कितीतरी. एप्रिलमध्ये युद्ध संपलं, कापूस कोसळला, आणि 1 जुलै उजाडला तेव्हा देणारे आणि घेणारे दोघेही दिवाळखोर निघाले.

आपल्याकडे जून 2000 मध्ये निर्देशांकाचे वायदे सुरू झाले आणि पुढच्या वर्षी सौदा पुढच्या मुदतीवर ढकलायची जुनी बदला पद्धत बंद झाली. आता फरक मुदतीपर्यंत साचू देत नाहीत. भाव हलला की रोजच्या रोज वसूल करतात, आणि सौद्याआधीच मार्जिन भरून घेतात. माणूस ओळखीचा आहे का, हे विचारायची गरज उरली नाही. ल मेरने अब्रू राखली म्हणून शिळेवर कोरलं गेलं, कारण त्याच्या बाजारात तेच तारण होतं. आज तारण रोख लागतं, आणि म्हणूनच अनोळखी माणसाच्या हाती नसलेला माल आपण बिनधास्त विकत घेतो.