आरपीजी मेकर : खेळ चालण्यास लागणाऱ्या फाइली
आरपीजी मेकर : भूमिकाप्रधान संगणकीय खेळ हौशी व्यक्तींना आज्ञावली-लेखन न शिकता रचता यावेत, यासाठी जपानमध्ये तयार झालेले साधन. त्याचे जपानी नाव ‘आरपीजी त्सुकूरु’ असे असून त्यात ‘घडविणे’ या अर्थाचे जपानी क्रियापद आणि ‘टूल’ हा इंग्रजी शब्द यांवर श्लेष साधलेला आहे. आस्की या प्रकाशनसंस्थेने १९९२ मध्ये पीसी-९८ या जपानी संगणकासाठी ‘दान्ते ९८’ ही आवृत्ती काढली. विंडोजसाठी १९९७ मध्ये ‘आरपीजी मेकर ९५’ आणि एप्रिल २००० मध्ये ‘आरपीजी मेकर २०००’ या आवृत्त्या आल्या. हौशी खेळांच्या इतिहासात यांपैकी शेवटची आवृत्ती आणि तिच्या पाठोपाठ २००२ च्या अखेरीस आलेली ‘२००३’ ही आवृत्ती विशेष महत्त्वाच्या ठरल्या. किकियामा या टोपणनावाने वावरणाऱ्या जपानी निर्मात्याचा ‘युमे निक्की’ (२००४) आणि मॉर्टिस घोस्ट या बेल्जियन कलावंताचा ‘ऑफ’ (२००८) हे खेळ ‘२००३’ वर, तर ‘इब’ (२०१२) हा ‘२०००’ वर रचलेला आहे.

अशा खेळाची प्रत हाती आली, तरी तो चालेलच असे नाही. कोणत्या फाइली सोबत हव्यात, हा प्रश्न या खेळांच्या जन्मापासून त्यांना चिकटलेला आहे आणि त्याचे मूळ एंजिनाच्या रचनेत आहे. निर्माता जे रचतो, ती स्वतंत्र आज्ञावली नसते. ती केवळ माहिती असते. ती वाचून पडद्यावर खेळ उभा करण्याचे काम ‘आरपीजी_आरटी’ नावाची ईएक्सई फाइल करते. ही फाइल त्याच आवृत्तीच्या सर्व खेळांत सामान्यतः सारखीच असल्याने ती हरवली, तर दुसऱ्या खेळातून उचलून आणता येते. निर्मात्याने रचलेली माहिती मात्र तशी मिळत नाही.

या माहितीचे तीन भाग आहेत. एलडीबी हे प्रत्यय असलेल्या फाइलीत पात्रे, शस्त्रे, मंत्रविद्या, शत्रू, सर्वत्र लागू होणाऱ्या घटना आणि नकाशांच्या चौकटींचे गुणधर्म असतात. खेळाचा कोश म्हणावा, तो हाच. एलएमटी फाइलीत नकाशांचा वृक्ष, म्हणजे कोणता नकाशा कोणाच्या पोटात येतो याची मांडणी, तसेच नायक, नाव, जहाज आणि विमान यांची प्रारंभस्थाने असतात. प्रत्येक नकाशाला स्वतःची एलएमयू फाइल असून तीत जमिनीच्या चौकटी आणि त्या जागी घडणाऱ्या घटना नोंदलेल्या असतात. अंक साठविताना प्रत्येक बाइटातील सात बिट मूल्यासाठी व आठवा पुढे आणखी बाइट आहे की नाही हे सांगण्यासाठी वापरला जातो; त्यामुळे लहान अंकांना फारच थोडी जागा लागते. एखादी एलएमयू फाइल नष्ट झाली, तर खेळ त्या नकाशाच्या उंबरठ्यावर थांबतो. एलडीबी नष्ट झाली, तर खेळ सुरूच होत नाही. खेळाडूची प्रगती ज्यांत राहते, त्या एलएसडी फाइली पंधरापर्यंत असू शकतात. त्या नसल्या तरी खेळाचे काही बिघडत नाही, खेळाडूचे तेवढे बिघडते.

चित्रे व ध्वनी यांच्यासाठी ठराविक नावांचे कप्पे लागतात. ‘चिपसेट’मध्ये जमिनीच्या चौकटींचे ४८० × २५६ बिंदूंचे पट, ‘कॅरसेट’मध्ये चालत्या पात्रांची २८८ × २५६ बिंदूंची पाने (एका पानावर आठ पात्रे) आणि ‘फेससेट’मध्ये चेहरे असतात. खेळाचा पडदा ३२० × २४० बिंदूंचा. चित्रे २५६ रंगांची व पीएनजी, बीएमपी किंवा एंजिनाच्या स्वतःच्या एक्सवायझेड या संकोचित स्वरूपात असावी लागतात. संगीत बहुधा मिडी स्वरूपात असे, कारण ते जागा अत्यल्प घेते.

जागेची ही काटकसर नव्या शतकाच्या प्रारंभी अनिवार्य होती. तिच्यातूनच ‘रनटाइम पॅकेज’ किंवा आरटीपी हा समाईक संच जन्मास आला. साधनाबरोबर मिळणारी तयार चित्रे व सूर प्रत्येक खेळात पुन्हा भरण्याऐवजी खेळाडूने ती एकदाच संगणकावर उतरवून ठेवावीत आणि सर्व खेळांनी ती तेथून घ्यावीत, अशी ही योजना होती. दूरध्वनीच्या तारेवरून ५६ किलोबिट वेगाने दहा मेगाबाइट माहिती आणण्यास आदर्श स्थितीतही चोवीस-पंचवीस मिनिटे लागत. प्रत्येक खेळामागे हा भार वाचणे लहानसहान लाभ नव्हता. संच कोठे ठेवला आहे, याची नोंद विंडोजच्या रजिस्ट्रीत होई आणि खेळात न सापडलेले चित्र एंजिन तेथे शोधी. निर्मात्याने सर्व काही खेळातच भरले असल्यास ‘आरपीजी_आरटी’ या आयएनआय फाइलीत ‘फुलपॅकेजफ्लॅग’ या नावापुढे १ हा अंक लिहून तसे कळविता येई.

योजना चोख होती, पण तिने खेळ आणि त्याचे साहित्य यांची ताटातूट केली. संच नसलेल्या संगणकावर खेळ एखादी फाइल उघडता येत नाही एवढेच सांगून बंद पडे आणि नवख्या खेळाडूस दोष खेळाचाच वाटे. त्यात भाषेची अडचण आली. ‘२०००’ ची अधिकृत इंग्रजी आवृत्ती दीर्घकाळ निघालीच नाही. डॉन मिगेल या टोपणनावाच्या व्यक्तीने केलेले अनधिकृत भाषांतर पाश्चात्त्य देशांत सर्वत्र पसरले. त्यासोबतच्या संचात जपानी फाइलनावांच्या जागी इंग्रजी नावे होती. परिणामी जपानी संचावर रचलेल्या खेळास इंग्रजी संच निरुपयोगी ठरे, आणि उलटही तेच घडे; चित्र तेच असूनही केवळ नावामुळे ते सापडत नसे. अधिकृत इंग्रजी आवृत्त्या २०१५ मध्ये आल्या, तोवर हौशी निर्मात्यांची एक सबंध पिढी परवान्याविना काम करून गेली होती. तिला दोष देणे सोपे आहे. विकत घेण्यास इंग्रजीत काही उपलब्धच नव्हते, हेही लक्षात घेतले पाहिजे.

नावांचा घोळ लिपीमुळे अधिकच वाढला. ही एंजिने युनिकोडपूर्व पद्धतीची असून जपानी खेळांतील मजकूर आणि फाइलनावे शिफ्ट-जिस या संकेतपद्धतीत असत. जपानी नसलेल्या विंडोजवर खेळाची गठडी सोडली की नावांची मोडतोड होई व एंजिनास आपल्याच फाइली ओळखता येत नसत. त्यावर संगणकाचा प्रदेश जपान असा बदलणे हाच बहुतेकांचा उपाय होता. देवनागरीला विंडोजमध्ये युनिकोडखेरीज वेगळे स्थान नसल्यामुळे या आवृत्त्यांत मराठी खेळ रचण्याचा मार्ग मुळातच बंद होता.

‘एक्सपी’ ही आवृत्ती २००४ मध्ये आली आणि फाइलींचा नकाशा पालटला. युकिहिरो मात्सुमोतो यांच्या रूबी भाषेवर आधारलेली आरजीएसएस ही लेखनपद्धती तीत आली. खेळासाठी ‘गेम’ नावाची ईएक्सई व आयएनआय फाइल, आरजीएसएसची नेमकी त्याच क्रमांकाची डीएलएल फाइल आणि ‘डेटा’ कप्प्यातील आरएक्सडेटा फाइली आवश्यक झाल्या. सर्व साहित्य गुप्तसंकेतात बांधून आरजीएसएसएडी या एकाच गठडीत ठेवण्याचीही सोय झाली. ते कुलूप दुर्बळच निघाले. ‘व्हीएक्स’ (२००७) आणि ‘व्हीएक्स एस’ (२०११) यांनी हीच चाल ठेवली व प्रत्येकीला आपापला आरटीपी लागला, म्हणजे एकाच खेळाडूकडे तीन-चार संच जमू लागले. अखेर २०१५ च्या ‘एमव्ही’ आवृत्तीत रूबीची जागा जावास्क्रिप्टने घेतली आणि समाईक संचाची पद्धत सुटली. खेळाचे साहित्य खेळाबरोबरच जाऊ लागले. ही आवृत्ती युनिकोड जाणते, तथापि तिची संवादचौकट एकेक वर्ण सुटा रेखाटत असल्याने देवनागरीतील मात्रा व जोडाक्षरे मूळ अक्षरापासून विलग होतात आणि त्यासाठी निर्मात्यास एंजिनातच दुरुस्ती करावी लागते.

जुन्या खेळांच्या जतनाचा भार स्वयंसेवकांनी उचलला आहे. ‘ईझीआरपीजी प्लेअर’ ही सी++ भाषेतील खुली आज्ञावली मूळ ईएक्सई फाइलीशिवाय ‘२०००’ व ‘२००३’ च्या एलडीबी, एलएमटी आणि एलएमयू फाइली स्वतः वाचते व लिनक्स, अँड्रॉइड तसेच वेब ब्राउझर यांवरही खेळ चालविते. जपानी व इंग्रजी संचांतील नावांची जुळणी लावणारी सारणी तिच्यात आहे. मूळ संचाऐवजी वापरता येईल असा नवा संचही त्याच प्रकल्पाने तयार केला आहे. त्यातील चित्रे वेगळी असल्याने खेळ चालतो, पण निर्मात्याने दाखविलेले गाव तेच दिसत नाही. ‘एक्सपी’ व तिच्या पुढील दोन आवृत्त्यांसाठी ‘एमकेएक्सपी’ हे असेच खुले एंजिन असून ‘वनशॉट’ या खेळाची २०१६ मधील आवृत्ती त्याच्याच सुधारित रूपावर निघाली. जपानी खेळाची संकेतपद्धती सांगण्यासाठी ईझीआरपीजीमध्ये जुन्याच आयएनआय फाइलीत ९३२ हा क्रमांक लिहिता येतो. संगणकाचा प्रदेश बदलण्याची गरज उरत नाही.