रंगाचा रकाना

बँकेत 'सस्पेन्स' नावाचं एक खातं असतं. हिचकॉकशी त्याचा काही संबंध नाही. एखादी रक्कम नेमकी कुठल्या खात्यात टाकावी हे साहेबांनाही कळेनासं झालं, की ती तिथं टाकायची आणि सहा अठराची लोकल पकडायची, एवढाच त्याचा उपयोग. चौदा रुपये त्रेसष्ट पैसे तिथं वर्षानुवर्षं पडून राहिलेले मी पाहिले आहेत. पैशांचं ठीक आहे, त्यांना वाईट वाटत नाही. पण माणसंसुद्धा अशी टाकता येतात, हे मला २०२० साली न्यू जर्सीहून आलेल्या एका फोनमुळे कळलं.

फोन आमच्या थोरल्या मेहुण्यांचा. "माधवराव, तुम्ही हिशेबातले. इथल्या खानेसुमारीचा फॉर्म आलाय. धर्म विचारत नाहीत, जात विचारत नाहीत. वंश मात्र विचारलाय. काय लिहू?"

"इंडियन लिहा की."

"छे हो! इथं नुसतं 'इंडियन' म्हणजे कोलंबसाचे. आपण 'एशियन इंडियन'. म्हणजे तसा चौकोन आहे, मी खूणही केली. पण हे आपल्याला कुणी ठरवून दिलं?"

प्रश्न बिनतोड होता. मी कॉमर्सचा माणूस; इतिहासाची आणि माझी फारकत दहावीलाच झालेली. पण मेहुण्यांसमोर 'माहीत नाही' म्हणायचं म्हणजे आमच्या हिच्यासमोर म्हटल्यासारखंच. तेव्हा वाचायला बसलो.

अमेरिकेची पहिली शिरगणती १७९० ची. रकाने मोजून पाच: सोळा वर्षांवरचे गोरे पुरुष, सोळाखालचे, गोऱ्या बायका, इतर स्वतंत्र माणसं आणि गुलाम. एकूण ३९ लाख डोकी, त्यांतले सात लाखांच्या आसपास गुलाम. आता राज्यघटनेत आधीच लिहून ठेवलेलं होतं की प्रत्येक राज्याच्या प्रतिनिधींची संख्या ठरवताना पाच गुलाम म्हणजे तीन माणसं धरावीत. हे वाचताना मी थबकलो. व्याजाचा दर कमीजास्त होतो, माणसाचाही दर असतो हे ठाऊक नव्हतं. बरं, त्या तीन-पंचमांश माणसाला मत नाही. त्याच्या डोक्यावर जागा जास्त मिळायच्या त्या त्याच्या मालकाच्या राज्याला! यादवी युद्धात रक्ताचे पाट वाहिले, तेव्हा कुठे १८६८ साली हा अपूर्णांक घटनेतून गेला.

घटनेतून गेला, पण गणतीवाल्यांना त्याची गोडी लागली होती. १८९० चे नियम पाहा. तीन-चतुर्थांश किंवा अधिक काळं रक्त असेल तर 'ब्लॅक'. तीन-अष्टमांश ते पाच-अष्टमांश असेल तर 'मुलाटो'. एक-चतुर्थांश असेल तर 'क्वाड्रून'. एक-अष्टमांश किंवा नुसता अंश असेल तर 'ऑक्टोरून'. हे ठरवायचं कुणी? दारात वही घेऊन उभ्या असलेल्या गणतीवाल्यानं, समोरच्या माणसाकडे पाहून! मी सवयीनं बेरजा तपासल्या. पाच-अष्टमांश आणि तीन-चतुर्थांश यांच्यामध्ये अकरा-सोळांश नावाची फट राहते. एक-चतुर्थांश आणि तीन-अष्टमांश यांच्यामध्ये पाच-सोळांशाची. या फटींतली माणसं गेली कुठं? आमच्या शाखेत असा ताळा ऑडिटरनं पाहिला असता तर मेमो मिळाला असता. तिथंही शहाणपण सुचलं असावं, कारण १९०० साली हे अपूर्णांक गायब झाले. पुढे १९३० साली सोपा नियम आला: गोऱ्या रक्तात नीग्रो रक्ताचा कितीही छोटा थेंब असो, लिहायचं 'नीग्रो'.

आणि मग आमचा नंबर लागला.

१९१० साली अमेरिकेत आपली माणसं जेमतेम अडीच हजार, बहुतेक पंजाबी शेतकरी. गणती खात्यानं मोठ्या पंडिताच्या थाटात कबूल केलं की हे लोक वंशानं गोऱ्यांचेच भाऊबंद आहेत. परंतु त्यांची संस्कृती फारच वेगळी, म्हणून त्यांना आशियाई बिगरगोऱ्यांत टाकू. आणि १९२० पासून 'हिंदू' हा वंश झाला! १९२०, १९३०, १९४० अशा तीन गणत्यांत. कॅलिफोर्नियातले हे 'हिंदू' बहुतांशी पगडीवाले शीख, काही चक्क मुसलमान. त्यातल्या अनेकांनी मेक्सिकन मुलींशी लग्नं केली. 'मेक्सिकन' हाही १९३० साली वंशच होता (मेक्सिकोनं आरडाओरडा केल्यावर १९४० साली तो रद्द झाला). आता दोन बिगरगोऱ्या वंशांचं मूल असेल तर बापाचा वंश लावा, असा १९३० चा नियम. म्हणजे बाप मुसलमान, आई कॅथलिक आणि मूल हिंदू. इतकं उदार धर्मांतर आपल्याकडच्या कुठल्याही महंताला जमलेलं नाही.

इथपर्यंत मी हसत होतो. कारण रकाना म्हणजे नुसता रकाना असं मला वाटत होतं. पण नागरिकत्व मिळायचं ते फक्त गोऱ्यांना, आणि १८७० नंतर आफ्रिकी वंशाच्यांना. मधल्यांनी काय करायचं? १९२२ साली ओझावा नावाचा जपानी सुप्रीम कोर्टात म्हणाला, "माझी कातडी गोरीच आहे." न्यायमूर्ती सदरलंड म्हणाले, कातडीचं सोडा, गोरा म्हणजे कॉकेशियन. तीनच महिन्यांनी भगतसिंग थिंड उभे राहिले. पंजाबचे, शीख, पहिल्या महायुद्धात अमेरिकेच्या फौजेत राहिलेले. ते म्हणाले, "मग मी कॉकेशियन. पुस्तकं तसं सांगतात." तेच सदरलंड म्हणाले, पुस्तकांचं सोडा, रस्त्यावरचा साधा माणूस तुम्हाला गोरा म्हणेल का? काउंटरवर फोटो नेला की रेशनकार्ड मागतात आणि रेशनकार्ड नेलं की फोटो, ही पद्धत आमचीच असा माझा समज होता.

थिंड यांचे वकील होते सखाराम गणेश पंडित. नाव वाचून मी खुर्चीत सरसावून बसलो! पंडित स्वतः १९१४ साली अमेरिकन नागरिक झालेले. खटला हरल्यावर सरकार त्यांचंही नागरिकत्व काढायला निघालं. पंडितांनी वंशाचा वाद घातलाच नाही. ते म्हणाले, तुम्हीच कागद दिलात, त्या भरवशावर मी इथं वकिली केली, घर घेतलं, लग्न केलं. आता मागे फिरता येणार नाही. १९२६ साली ते अपिलात जिंकले आणि १९२७ साली सुप्रीम कोर्टानं त्यात हात घालायला नकार दिला. कागदाला कागदानं मारलं.

तोवर इतर अनेकांचे कागद गेले होते. त्यातले एक वैष्णो दास बगाई. इंग्रजी राज्य नको म्हणून १९१५ साली बायकामुलांना घेऊन सॅन फ्रान्सिस्कोला आले, १९२१ साली नागरिक झाले. थिंड निकालानंतर ते काढून घेण्यात आलं. नागरिक नाही म्हणून मालमत्ता ठेवता येईना. देशी जाऊन यायचं म्हटलं तर ब्रिटिश पासपोर्ट घ्या म्हणाले. १९२८ साली त्यांनी जीव दिला. वर्तमानपत्रासाठी चिठ्ठी लिहून ठेवली होती. त्या रात्री मी पुस्तक मिटलं आणि हिनं दोनदा हाक मारली तरी जेवायला उठलो नाही.

आपल्याला नागरिक होण्याची मुभा १९४६ साली मिळाली. १९६० पासून गणतीचे फॉर्म घरोघर पाठवून लोकांनाच भरायला सांगण्याची पद्धत सुरू झाली. १९७० साली मात्र गंमतच झाली. भारतीयांची गणना 'गोरे' या रकान्यात करण्यात आली! ज्यासाठी थिंड कोर्टाच्या पायऱ्या चढले, ते अर्ज न करता मिळालं. आणि तेव्हा आपली मंडळी म्हणाली, आम्हाला नको. गोऱ्यांत मोजलं तर अल्पसंख्याकांच्या सवलती नाहीत आणि नोकरीत डावललं तर दाद नाही. तिथल्या भारतीयांच्या संघटनेनं पाठपुरावा केला आणि १९८० साली 'एशियन इंडियन' हा चौकोन छापून आला. त्यात पहिल्याच फटक्यात साडेतीन लाखांवर लोक निघाले. २०२० साली सुमारे चव्वेचाळीस लाख. त्यात एक आमचे मेहुणे.

फॉर्म स्वतः भरला की चुका होत नाहीत असंही नाही. १९७० साली काही घरांना 'तुम्ही मध्य किंवा दक्षिण अमेरिकन आहात का' असं विचारलं होतं. अमेरिकेच्याच मध्य आणि दक्षिण भागांतल्या पुष्कळ लोकांनी प्रामाणिकपणे 'होय' अशी खूण केली. आपण हसू नये. आपल्याकडे १९३१ च्या खानेसुमारीत ४,१४७ जाती निघाल्या होत्या आणि २०११ च्या सामाजिक-आर्थिक पाहणीत, लोकांनी सांगेल तसं लिहून घेतल्यावर, ४६ लाखांवर.

हे सगळं मी मेहुण्यांना फोनवर सांगितलं. ते बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "आता खरी अडचण सांगतो. नातीचं काय लिहायचं?" त्यांचे जावई आयरिश वळणाचे. मी म्हटलं, "दोन्ही खुणा करा. २००० सालापासून परवानगी आहे."

मागून आमच्या सासूबाईंचा आवाज आला, "आणि आधी परवानगी नव्हती तेव्हा काय लिहायचे रे?"

"१९३० साली असती तर गोऱ्याचं मूल असूनही नुसतं 'हिंदू' लिहिलं असतं," मी सांगितलं.

"अगंबाई," सासूबाई म्हणाल्या, "मग तेच बरं होतं की!"