काट्याची किंमत आणि मापाची खात्री

नोव्हेंबर उजाडला की भंडारा जिल्ह्यात धानाची मळणी सुरू होते आणि आधारभूत खरेदी केंद्रांसमोर पोत्यांच्या थप्प्या लागतात. शेतकऱ्याच्या हंगामभराच्या कष्टाचा निकाल तिथे दोन यंत्रे लावतात. एक वजनकाटा आणि दुसरे धानातला ओलावा मोजणारे मॉइश्चर मीटर. धानाचा भाव सर्वांना ठाऊक असतो. २०२५-२६ च्या हंगामासाठी साधारण धानाचा हमीभाव क्विंटलला २,३६९ रुपये ठरला. पण हा भाव ज्या यंत्रांच्या आधारे पदरात पडतो, त्या यंत्रांची स्वतःची किंमत कशी ठरते? ती पूर्वी महाग का होती आणि पुढे स्वस्त का झाली? या लेखात आपण त्याचा थोडा मागोवा घेऊ.

पूर्वी या भागात धान तोलण्यापेक्षा मापण्याची रीत होती. पायली, कुडो, खंडी ही सारी आकारमानाची मापे. असे माप गावातल्या सुताराकडून किंवा तांबटाकडून करून घेता येई, त्यामुळे मापाची किंमत फारशी नव्हती. वाद होई तो मापणाऱ्या हाताचा. माप शीग लावून भरायचे की काठाशी सपाट करायचे, धान दाबायचे की सैल ओतायचे, यावर घेणाऱ्या-देणाऱ्याचा नफातोटा ठरे. बाजारात तोलासाठी शेर आणि मण होते. ८० तोळ्यांचा प्रमाण शेर म्हणजे सुमारे ९३३ ग्रॅम आणि ४० शेरांचा मण म्हणजे सुमारे ३७.३ किलोग्रॅम. पण प्रत्यक्षात गावोगावचे शेर वेगळे असत.

हा गोंधळ संपवण्यासाठी १९५६ साली संसदेने वजनमापांच्या प्रमाणीकरणाचा कायदा केला. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला भंडारा जिल्हा मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात आला. १ एप्रिल १९५७ ला नवे पैसे चलनात आले, १ ऑक्टोबर १९५८ पासून टप्प्याटप्प्याने किलोग्रॅम-मीटर आले आणि १९६२ पर्यंत देशभर दशमान पद्धती सक्तीची झाली. दरम्यान १९६० साली महाराष्ट्र राज्य झाले. म्हणजे पाच-सहा वर्षांत इथल्या माणसाचे राज्य दोनदा बदलले आणि नाणी व वजने तेवढ्यातच बदलली.

व्यापाराच्या दृष्टीने पाहिले, तर देशातल्या प्रत्येक दुकानाला एकाच वेळी नवी वजने विकत घ्यावी लागली. ही वजने ओतीव लोखंडाची असल्याने देशातल्या लहान ओतशाळाही ती बनवू शकत होत्या. जुने लोखंडी वजन हाती आले तर ते विद्यार्थ्यांना जरूर दाखवावे. त्यात शिसे भरलेली एक खाच असते. शिसे कमी-जास्त करून वजन बरोबर करायचे आणि त्यावर सरकारी निरीक्षकाने शिक्का मारायचा. त्या शिक्क्यामागे एक साखळी होती. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेत किलोग्रॅमचा ५७ क्रमांकाचा राष्ट्रीय नमुना, त्याच्याशी ताडलेली राज्याची प्रमाणे, त्यांच्याशी ताडलेली निरीक्षकाची वजने आणि शेवटी दुकानातले वजन.

कारखान्यांची गोष्ट मात्र वेगळी होती. १९६४ साली जवाहरनगरचा आयुध कारखाना उभा राहिला. जिल्ह्याच्या उत्तर भागात डोंगरी बुजुर्गला मँगनीजची मोठी खाण आहे आणि मँगनीजच्या खनिजाचा भाव त्यातल्या मँगनीजच्या टक्केवारीवर ठरतो. १९८० च्या दशकाच्या अखेरीस वरठीला पोलाद कारखाना सुरू झाला. अशा ठिकाणी दाब, तापमान, जाडी, रासायनिक घटक हे सारे अचूक मोजावे लागते. एक शतांश मिलिमीटर दाखवणारा मायक्रोमीटर गावच्या ओतशाळेत होत नाही. अशी बरीच उपकरणे बाहेरून आणावी लागत, आणि त्यासाठी आयात परवाना लागे. ६ जून १९६६ ला रुपयाचे अवमूल्यन झाले, तेव्हा ४.७६ रुपयांचा डॉलर एका दिवसात ७.५० रुपयांचा झाला. परदेशी उपकरणाची मूळ किंमत तीच राहून आपल्याला ते दीडपटीहून महाग पडू लागले. ही उणीव भरून काढायची म्हणून १९६४ साली राजस्थानात कोटा येथे इन्स्ट्रुमेंटेशन लिमिटेड ही सरकारी कंपनी स्थापन झाली होती. तिने नियंत्रण-उपकरणे देशात बनवली. पण आयातीला कुंपण असल्याने एकूण बाजारात पुरवठा मर्यादित आणि किंमत चढी अशीच स्थिती राहिली.

१९९१ साली हे कुंपण हटू लागले. याचा परिणाम वर्गात एका साध्या गणिताने दाखवता येईल. समजा, एका मायक्रोमीटरची परदेशातली किंमत १० डॉलर आहे. जुलै १९९१ च्या अवमूल्यनानंतर डॉलर सुमारे २६ रुपयांचा होता आणि त्या वर्षीच्या अर्थसंकल्पाने आयात शुल्काचा कमाल दर १५० टक्के ठेवला. या कमाल दराने किंमत झाली २६० अधिक ३९०, म्हणजे ६५० रुपये. २००७-०८ मध्ये डॉलर सुमारे ४० रुपयांचा झाला होता, पण बिगरशेती मालावरचे कमाल शुल्क १० टक्क्यांवर आले होते. आता किंमत झाली ४०० अधिक ४०, म्हणजे ४४० रुपये. इतर कर यात धरलेले नाहीत. रुपया घसरूनही वस्तू स्वस्त झाली, तीही इतर बहुतेक वस्तूंचे भाव अनेक पटींनी वाढलेल्या काळात. याची दुसरी बाजूही सांगायला हवी. खुल्या बाजारात कोट्याचा कारखाना टिकला नाही आणि २०१६ साली केंद्र सरकारने तो बंद करण्याचा निर्णय घेतला.

शुल्काइतकाच मोठा बदल यंत्राच्या पोटात झाला. दांडीच्या तराजूची अचूकता त्याच्या धारदार टेकूवर अवलंबून असते आणि तो घासून बसवायला कसबी हात लागतो. मजुरी वाढली की असा तराजू महागतो. इलेक्ट्रॉनिक काट्यात हे काम लोड सेल करतो. धातूच्या एका ठोकळ्यावर बारीक वाहक पट्ट्या चिकटवलेल्या असतात. भार पडला की ठोकळा किंचित वाकतो, पट्ट्या ताणल्या जातात आणि त्यांचा विद्युतरोध बदलतो. १९३८ च्या सुमारास अमेरिकेत लागलेला हा शोध अनेक वर्षे महागड्या यंत्रांपुरता राहिला. पुढे रोधातला बदल आकड्यात रूपांतरित करणाऱ्या चकत्या लाखोंनी बनू लागल्या आणि काटा भाजीच्या गाडीवर पोहोचला.

सर्वच मोजमाप असे स्वस्त झाले नाही. वितळलेल्या पोलादाचे तापमान १,६०० अंश सेल्सिअसच्या आसपास असते. ते मोजायला प्लॅटिनमच्या बारीक तारांचे थर्मोकपल बुडवतात आणि ते टोक एकाच वापरात संपते. चकत्या कितीही स्वस्त होवोत, प्लॅटिनमचा भाव काही त्यामुळे उतरत नाही.

आता पुन्हा खरेदी केंद्रावर येऊ. धानातल्या ओलाव्याची कमाल मर्यादा १७ टक्के आहे. केंद्रावरचे मीटर पाणी प्रत्यक्ष मोजत नाही. पाण्याचे विद्युतगुण कोरड्या दाण्यापेक्षा फार वेगळे असतात, त्यावरून ते ओलाव्याचा अंदाज करते. दाण्याचा वाण, तापमान, भरण्याची पद्धत यांनी हा अंदाज हलतो. म्हणून मीटर वेळोवेळी ताडून घ्यावे लागते. ताडलेले नसले, तर १७ टक्क्यांचे धान १८ दाखवील. मग शेतकऱ्याने ते परत न्यावे, पुन्हा वाळवावे, किंवा व्यापारी देईल त्या भावाला द्यावे. मीटर स्वस्त असो वा महाग, एका टक्क्याची ही चूक शेतकऱ्याच्याच अंगावर पडते.

म्हणजे यंत्राची किंमत उतरली, तरी ते खरे आहे हे ठरवण्याचे काम उरतेच. त्याला प्रयोगशाळा, प्रशिक्षित माणूस आणि वेळ लागतो आणि या गोष्टी लाखोंनी बनत नाहीत. २००९ चा वैध मापनशास्त्र कायदा १ एप्रिल २०११ पासून लागू आहे. त्याखालील नियमांनुसार साध्या वजनांची फेरपडताळणी दोन वर्षांनी, तर इलेक्ट्रॉनिक काट्याची दरवर्षी करावी लागते. काट्यावरचा शिक्का आणि त्याचे वर्ष पाहणे हा ग्राहकाचा हक्क आहे.

शेवटी एक प्रयोग सुचवतो. शाळेतला मोजपात्राने मोजलेला एक लिटर स्वच्छ पाणी घ्या. २५ अंश सेल्सिअसला त्याचे वस्तुमान सुमारे ९९७ ग्रॅम असते. रिकाम्या भांड्याचे वजन वजा करून काटा किती दाखवतो ते पाहा. तेच भांडे ताटलीच्या मध्यभागी आणि चारही कोपऱ्यांवर ठेवून पाहा. पाच वाचनांची सरासरी काढा, फरकाची नोंद ठेवा. मोजपात्राचीही स्वतःची चूक असते, हे मुलांच्याच तोंडून येऊ द्या. ज्या मुलांच्या घरचे धान केंद्रावर जाते, ती पुढच्या हंगामात काट्याकडे आणि मीटरकडे निराळ्या नजरेने पाहतील.