वगळलेला गहू: ग्लूटेनमुक्त पथ्याची जडणघडण

ग्लूटेनमुक्त आहार हे मुळात एका आजाराचे पथ्य आहे. गहू, जव आणि राय या धान्यांतील काही प्रथिने ज्यांच्या शरीराला सोसत नाहीत, त्यांच्या लहान आतड्याच्या अस्तरावरील सूक्ष्म अंकुर, ज्यांच्यामार्फत पचलेले अन्न शोषले जाते, हळूहळू झिजून सपाट होतात आणि पोटभर खाऊनही शरीर उपाशी राहते. या आजाराला वैद्यकात सिलिअ‍ॅक रोग म्हणतात, आणि ती धान्ये आयुष्यभर वर्ज्य करणे हाच त्यावरचा सर्वमान्य उपचार आहे. वजन उतरवण्यासाठी गहू सोडणाऱ्यांची संख्या अलीकडे वाढल्यामुळे या पथ्याकडे सुखवस्तू लोकांचा छंद म्हणून पाहण्याची प्रवृत्ती दिसते, परंतु त्याचा इतिहास रुग्णालयांत खुरटत गेलेल्या मुलांचा आहे, आणि त्यात साठ वर्षांहून अधिक काळ आळ भलत्याच पदार्थांवर येत राहिला.

ज्या प्रथिनांचा हा प्रश्न आहे, ती पिठातून वेगळी काढण्याची कृती मात्र रोगाचे कारण कळण्याच्या कितीतरी आधी ठाऊक होती. बोलोन्याचे विद्वान याकोपो बार्तोलोमेओ बेक्कारी यांनी १७२८ मध्ये गव्हाची कणीक पाण्यात धुऊन तिचे दोन भाग केले: पाण्याबरोबर वाहून जाणारे पांढरे पिष्ट आणि हातात उरणारा चिवट, ताणला जाणारा गोळा. हा गोळा म्हणजेच ग्लूटेन. महाराष्ट्रात उन्हाळ्यात कुरडयांसाठी गहू भिजवून, वाटून त्याचा चीक काढणाऱ्या घरांत जवळपास हीच विभागणी पिढ्यान्‌पिढ्या होत आली आहे. तळाशी बसणारा चीक मुख्यतः पिष्टाचा असतो, आणि पिळून बाजूला काढलेल्या चोथ्यात कोंड्याबरोबर ग्लूटेनचा मोठा वाटा निघून जातो. पाव फुगतो आणि पोळी लाटताना फाटत नाही ती या चिवटपणामुळे. ज्वारीची भाकरी थापावी लागते ती त्याच्या अभावामुळे.

इसवी सनाच्या आरंभीच्या शतकांत ग्रीक भाषेत लिहिणाऱ्या कॅपडोशियाच्या अरेटियसने न पचलेले अन्न बाहेर टाकणाऱ्या चिवट अतिसाराचे वर्णन केले होते, पण या आजाराची आधुनिक ओळख सॅम्युअल गी यांच्यापासून सुरू होते. गी यांनी ५ ऑक्टोबर १८८७ रोजी लंडनमधील ग्रेट ऑर्मंड स्ट्रीट येथील बालरुग्णालयात दिलेले व्याख्यान पुढील वर्षी छापले गेले, आणि त्यात फुगलेले पोट, वाळलेले हातपाय आणि फिकट, फेसाळ, दुर्गंधीयुक्त मल अशा लक्षणांनी ओळखू येणारी एक ते पाच वर्षे वयाची मुले प्रथमच नेमकेपणाने उभी राहिली. रोगी बरा व्हायचाच असेल तर तो आहारानेच होईल, असे गी यांनी ठामपणे सांगितले. मात्र त्यांची पथ्याची यादी आज वाचताना उलटी वाटते, कारण भात, साबुदाणा आणि मक्याचे पीठ त्यांनी अयोग्य ठरवले, तर दोन्ही बाजूंनी खरपूस भाजलेल्या पावाच्या पातळ कापांना मुभा दिली. त्यांच्या एका बालरुग्णाला रोज लिटरभराहून थोड्या अधिक उत्तम डच शिंपल्या खाऊ घातल्या जात आणि हंगाम असेपर्यंत ते मूल चांगले बाळसे धरत असे. हंगाम सरला तसे ते पुन्हा खालावले, आणि पुढच्या वर्षी त्याने शिंपल्यांना तोंड लावण्यास साफ नकार दिला. शिंपल्यांनी पोट भरल्यावर पावाला जागा उरत नसावी, हा अर्थ त्या काळी कोणाला सुचणे शक्य नव्हते.

गी यांच्यानंतरच्या वैद्यांचा मुख्य संशय पिष्टमय पदार्थांवर सरसकट राहिला, आणि या सरसकटपणामुळे अनेक पथ्ये अर्धवट यशस्वी ठरली. न्यूयॉर्कचे बालरोगतज्ज्ञ सिडनी हास यांनी १९२४ मध्ये प्रसिद्ध केलेला केळ्यांचा आहार त्यांतला सर्वांत गाजलेला होय. पाव, बिस्किटे, बटाटे आणि एकूणच धान्ये बंद करून मुलांना भरपूर पिकलेली केळी द्यायची, असा तो आहार होता, आणि ज्या आजारात मुले दगावत होती त्यात ती सुधारू लागल्यामुळे त्याला मोठी मान्यता मिळाली. मुले बरी होत होती ती पाव थांबल्यामुळे, परंतु श्रेय केळ्याला गेले. या चुकीची किंमत लहान नव्हती: रोग कायमचा बरा झाला असे मानून पुढे त्याच मुलांना पुन्हा गव्हाचे पदार्थ सुरू करण्यात येत, आणि गव्हावरचा दोष सिद्ध झाल्यानंतरही हास आपल्या मतावर ठाम राहिले.

कोंडी फुटली ती नेदरलँड्समध्ये. तेथील कथा बहुधा अशी सांगितली जाते, की १९४४-४५ च्या दुष्काळी हिवाळ्यात पाव मिळेनासा झाला, आजारी मुले सुधारली, आणि पाव परतताच पुन्हा खालावली. डॉक्टरांच्या ते लक्षात आले आणि शोध लागला. ही कथा खोटी नाही, पण ती फार आटोपशीर आहे. विलेम-कारेल डिके हे १९०५ मध्ये जन्मलेले डच बालरोगतज्ज्ञ १९३६ मध्ये, वयाच्या अवघ्या एकतिसाव्या वर्षी, हेग शहरातील यूलियाना बालरुग्णालयाचे प्रमुख झाले, आणि गव्हाविषयीचा त्यांचा संशय युद्धाच्या आधीपासूनचा होता. आपल्या आजारी मुलाच्या जेवणातून पाव काढला की त्याच्या अंगावरचे चट्टे झपाट्याने कमी होतात, असे एका तरुण आईने त्यांना सांगितले होते, आणि डिके यांनी ते कानाआड केले नाही. जर्मन ताब्यातील देशात १९४१ मध्ये त्यांनी डच वैद्यकीय साप्ताहिकात एक लेख लिहिला, ज्यात हास यांची केळी आणि झुरिकच्या फांकोनी यांचा फळे-भाज्यांचा आहार हे दोन्ही आता मिळण्यासारखे राहिलेले नाहीत, म्हणून पाव आणि रस्क पूर्णपणे वगळलेला साधा आहार आपण देत आहोत, असे त्यांनी नोंदवले. ज्या केळ्यांना औषध मानले जात होते, ती युद्धामुळे बाजारातून नाहीशी झाली असतानाही मुले सुधारत होती, ही गोष्ट पुढच्या दुष्काळाइतकीच बोलकी होती.

सप्टेंबर १९४४ मध्ये डच रेल्वे कामगारांनी संप पुकारल्यावर जर्मन अधिकाऱ्यांनी पश्चिमेकडील शहरांकडे होणारी अन्नाची वाहतूक रोखली, नंतर कडाक्याच्या थंडीत कालवे गोठले, आणि त्या हिवाळ्यात लोक ट्यूलिपचे कंद आणि साखरेचे बीट खाऊन राहिले. सुमारे २०,००० माणसे मृत्युमुखी पडली. सगळा देश रोडावत असताना सिलिअ‍ॅकची मुले बिघडत नव्हती, हे डिके यांनी पाहिले. मदतीचा पांढरा पाव प्रथम आला तो स्वीडनहून जहाजाने आलेल्या पिठाचा, आणि तो विमानांतून टाकला गेल्याची लोकप्रिय आठवण अन्नमदतीच्या निरनिराळ्या मोहिमांच्या सरमिसळीतून तयार झालेली दिसते. पाव आला आणि मुलांच्या तक्रारी परतल्या. तरीही दुष्काळ हा पुरावा नव्हे, कारण त्या हिवाळ्यात ताटातून एकटा पाव गेलेला नव्हता, जवळजवळ सर्वच गेले होते.

खरा पुरावा उट्रेख्त येथे, तराजूवर मिळाला. या आजारात आतडे चरबी शोषू शकत नाही, म्हणून खाल्लेल्या चरबीपैकी किती भाग मलावाटे बाहेर पडतो हे मोजता आले तर कोणता पदार्थ बाधतो हे अंदाजाऐवजी आकड्यात सांगता येते. जीवरसायनतज्ज्ञ फान दे कामेर यांनी १९४९ मध्ये मल न वाळवता त्यातील चरबी झटपट मोजण्याची पद्धत प्रसिद्ध केली, आणि त्यांच्या व बालरोगतज्ज्ञ वेयर्स यांच्या साहाय्याने डिके यांनी मुलांना ठरावीक काळ गव्हाचे पीठ देऊन आणि मग बंद करून प्रत्येक टप्प्याला होणारा फरक नोंदवला. गहू आणि राय यांनी चरबीचे प्रमाण वाढत होते. तांदूळ, मका आणि धुऊन शुद्ध केलेले गव्हाचे पिष्ट यांनी वाढत नव्हते. अशा रीतीने १९५० मध्ये उट्रेख्त विद्यापीठाला सादर झालेल्या डिके यांच्या प्रबंधाने पिष्टाला निर्दोष ठरवले. इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅम येथे शार्लोट अँडरसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५२ मध्ये लॅन्सेट नियतकालिकात गव्हाच्या पिठावरील आपले प्रयोग प्रसिद्ध करून दोष ग्लूटेनवरच निश्चित केला, आणि १९५३ मध्ये डच मंडळींनी ग्लूटेनमधील मद्यार्कात विरघळणाऱ्या ग्लायडिन या अंशापर्यंत मजल मारली. प्रौढांतील तसाच आजार आणि मुलांतील आजार एकच, हे ठरण्यास आतड्याचा नमुना प्रत्यक्ष पाहणे आवश्यक होते. १९५४ मध्ये पॉली यांनी शस्त्रक्रियेच्या वेळी घेतलेल्या नमुन्यांत अंकुरांची हानी दाखवली, आणि १९५६-५७ मध्ये मार्गोट शायनर व विल्यम क्रॉस्बी यांच्या उपकरणांमुळे शस्त्रक्रियेविनाही असा नमुना घेणे शक्य झाले. डिके १९६२ मध्ये निवर्तले.

यानंतर पथ्य रुग्णालयातून स्वयंपाकघरात आले. ब्रिटनमध्ये १९६८ साली रुग्णांची संघटना स्थापन झाली, आणि तिच्या संस्थापकांत अ‍ॅम्नेस्टी इंटरनॅशनलचे जनक पीटर बेनेन्सन हे होते, कारण ते स्वतः सिलिअ‍ॅकचे रुग्ण होते. ओट्स या धान्याला डच प्रयोगांपासून दोषी मानले जात होते. १९९५ मध्ये फिनलंडमधील अभ्यासाने प्रौढ रुग्णांना ते बहुधा चालते असे दाखवले, मात्र शेतात आणि गिरणीत त्यात गहू मिसळण्याची भीती राहिली. ‘मुक्त’ म्हणजे किती मुक्त, हा प्रश्नही आकड्यानेच सोडवावा लागला: अन्नमानके ठरवणाऱ्या कोडेक्स आयोगाने २००८ मध्ये एक किलो पदार्थात जास्तीत जास्त २० मिलिग्रॅम ग्लूटेन ही मर्यादा घालून दिली, आणि भारतीय नियमांतही हीच मर्यादा आहे.

भारतात हा आजार होतच नाही, असा समज बराच काळ होता. १९६६ मध्ये उत्तर भारतीय मुलांतील सिलिअ‍ॅक रोगाचे वर्णन ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये प्रसिद्ध झाले, आणि पन्नास वर्षांनी, २०१६ मध्ये, देशाच्या तीन भागांतील २३,००० हून अधिक प्रौढांच्या पाहणीत उत्तरेत १.२३ टक्के, ईशान्येत ०.८७ टक्के, तर दक्षिणेत केवळ ०.१० टक्के लोकांना हा आजार आढळला. या आजाराला वाव देणारी जनुकीय घडण तिन्ही भागांत जवळजवळ सारख्याच प्रमाणात आढळली, मात्र गहू खाण्याचे प्रमाण दक्षिणेपेक्षा उत्तरेत कित्येक पटींनी जास्त होते. ईशान्येतील आकडा मात्र या साध्या हिशेबात बसत नाही, कारण तेथेही गहू फारसा खाल्ला जात नाही. तेव्हा एकट्या गव्हाने सगळे उलगडते असे म्हणता येत नाही.

महाराष्ट्र या दोन टोकांच्या मध्ये आहे. घाटावरची ज्वारी-बाजरी, कोकणातला तांदूळ आणि डोंगराळ भागातली नाचणी या धान्यांवर पोसलेल्या कित्येक घरांत गव्हाची पोळी सणावाराची होती. १९५६ च्या पी. एल. ४८० कराराने आलेला अमेरिकी गहू आणि त्यानंतरचा हरितक्रांतीचा गहू रेशन दुकानांतून पोहोचला, तसतसे भाकरीचे रोजचे स्थान पोळीने घेतले. त्यामुळे सिलिअ‍ॅकचे निदान झालेल्या मराठी रुग्णाला जे पथ्य सांगितले जाते, ते बऱ्याच अंशी दोन-तीन पिढ्यांपूर्वीचे जेवण असते, आणि एकादशीचा फराळ, म्हणजे भगर, राजगिरा, शिंगाडा आणि साबुदाणा, तर धान्य वर्ज्य करण्याच्या व्रतामुळे आपोआपच त्यात बसतो. अडचण दिसत नाही तिथे असते: थालीपिठाच्या भाजणीत बहुधा गहू असतो, बाजारात मिळणाऱ्या बांधानी हिंगात मैदा मिसळलेला असतो, आणि गिरणीत गव्हावर ज्वारी दळली तर आधीच्या दळणाचे पीठ नव्या पिठात उतरते. किलोमागे २० मिलिग्रॅम हे प्रमाण डोळ्यांना किंवा जिभेला कळण्यासारखे नाही, म्हणून अशा कुटुंबांना निवडून स्वच्छ केलेली ज्वारी आणि तांदूळ दळण्यासाठी गहू कधीच न घातलेली स्वतंत्र घरघंटी ठेवणे सोयीचे पडते.