प्रतीत्यसमुत्पाद म्हणजे काय? ‘सगळं पूर्वकर्मामुळे’ म्हणणाऱ्यांना बुद्धांनी काय उत्तर दिलं?

घरात कुणाला मोठं आजारपण आलं की भेटायला येणाऱ्यांपैकी एखादा तरी हळूच म्हणतो, ‘मागच्या जन्मीचं काहीतरी फेडायचं राहिलं असेल.’ ऐकणारे गप्प बसतात. यावर बोलणार तरी काय?

साधारण अडीच हजार वर्षांपूर्वी राजगृहात, म्हणजे आजच्या बिहारमधल्या राजगीरमध्ये, सीवक नावाच्या परिव्राजकाने हाच मुद्दा गौतम बुद्धांपुढे मांडला होता. माणसाच्या वाट्याला येणारं सगळं सुखदुःख पूर्वकर्मामुळे असतं असं काही जण म्हणतात, तुमचं मत काय? बुद्धांनी आठ कारणं मोजली : पित्त, कफ, वात, या तिन्हींचा एकत्र बिघाड, ऋतुबदल, शरीराची हेळसांड, बाहेरून झालेला आघात आणि कर्माचं फळ. म्हणजे आठांपैकी फक्त एक कर्म. सगळं त्या एकावरच ढकलणं चूक आहे, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. ‘संयुत्तनिकाया’त हा संवाद आहे.

या उत्तरामागे जो विचार आहे, त्याचं नाव प्रतीत्यसमुत्पाद.

शब्दाचा अर्थ काय?

‘प्रतीत्य’ म्हणजे कशावर तरी अवलंबून आणि ‘समुत्पाद’ म्हणजे उत्पन्न होणं. पालीत याला ‘पटिच्चसमुप्पाद’ म्हणतात. कोणतीही गोष्ट आपोआप, एकटी, कारणाशिवाय घडत नाही. ती अनेक कारणं जुळली की घडते आणि ती कारणं हटली की थांबते, इतकं साधं हे सूत्र आहे.

महायान परंपरेतल्या ‘शालिस्तंब सूत्रा’त यासाठी भाताच्या रोपाचं उदाहरण आहे. रोपाचं मुख्य कारण बी. पण नुसतं बी डब्यात ठेवून रोप येत नाही. माती, पाणी, ऊब, हवा, मोकळी जागा आणि योग्य ऋतू हे सगळं लागतं. मुख्य कारणाला ‘हेतू’ आणि साथ देणाऱ्या परिस्थितीला ‘प्रत्यय’ म्हणतात. यातल्या कुणालाही ‘मी रोप घडवतोय’ असं वाटत नसतं, तरीही रोप उगवतं. त्यामागे कुणी कर्ता मानायची गरज पडत नाही आणि ते निव्वळ योगायोगही ठरत नाही.

ऐकायला हे सोपं वाटतं. बुद्धांचे शिष्य आनंद यांनाही तसंच वाटलं होतं. ‘महानिदानसुत्ता’त बुद्ध त्यांना अडवतात आणि सांगतात की हा विचार खोल आहे, तो न समजल्यामुळेच माणसं गुंतलेल्या दोऱ्यासारखी अडकून पडतात.

बारा कड्या कोणत्या?

दुःख कसं तयार होतं हे सांगताना बहुतेक ठिकाणी बारा कड्यांची साखळी येते : अविद्या, संस्कार, विज्ञान, नामरूप, षडायतन, स्पर्श, वेदना, तृष्णा, उपादान, भव, जाती आणि जरामरण. सगळीकडे बाराच असतात असं नाही. ‘महानिदानसुत्ता’त नऊच आहेत.

यातले काही शब्द मराठी वाचकाला चकवतात. इथे ‘विज्ञान’ म्हणजे सायन्स नव्हे, तर जाणीव. ‘वेदना’ म्हणजे फक्त दुखणं नव्हे. सुखद, दुःखद किंवा दोन्ही नसलेली कोणतीही अनुभूती. ‘षडायतन’ म्हणजे पाच इंद्रियं आणि मन. आणि ‘जाती’ म्हणजे जात नव्हे, जन्म.

मधल्या चार कड्या रोजच्या अनुभवातल्या आहेत. फोन वाजतो, नजर स्क्रीनवर जाते, हा स्पर्श. कुणीतरी आपल्या पोस्टवर खोचक कमेंट केलेली असते, वाईट वाटतं, ही वेदना. उत्तर देऊन त्याला गप्प करावंसं वाटतं, ही तृष्णा. मग ‘माझंच बरोबर’ हे धरून आपण तासभर वाद घालत बसतो, हे उपादान.

वाईट वाटणं आपल्या हातात नसतं. पण वाईट वाटणं आणि उत्तर टाइप करणं यांच्यामध्ये एक छोटी फट असते. वेदनेकडे लक्ष ठेवलं तर ती तृष्णेत बदलेलच असं नाही. साखळी जिथे तुटू शकते त्या जागांपैकी ही एक महत्त्वाची जागा, आणि म्हणूनच बौद्ध ध्यानात वेदनेच्या निरीक्षणाला एवढं महत्त्व आहे.

मग ‘सगळं एकमेकांशी जोडलेलं आहे’ हे कुठून आलं?

सोशल मीडियावर बुद्धांच्या चित्रासोबत हे वाक्य फिरत असतं. सुरुवातीच्या पाली ग्रंथांत मात्र भर विश्वाच्या जाळ्यावर नाही, दुःख कसं उपजतं आणि कसं थांबतं यावर आहे. परस्परावलंबन तिथेही आहे. नामरूप आणि विज्ञान एकमेकांना टेकवून उभ्या केलेल्या बोरूच्या दोन जुड्यांसारखे आहेत, एक काढली की दुसरी पडते, असं सारिपुत्त सांगतात.

पुढे नागार्जुनांनी हा विचार आणखी ताणला. प्रत्येक गोष्ट दुसऱ्यावर अवलंबून असेल, तर कशालाच स्वतःचा कायमचा, स्वतंत्र गाभा नाही. हीच त्यांची ‘शून्यता’. त्याचा अर्थ ‘काहीच अस्तित्वात नाही’ असा होत नाही. उलट गोष्टींना न बदलणारा गाभा असता, तर काहीच बदललं नसतं आणि दुःखही कधी संपलं नसतं, असा त्यांचा युक्तिवाद आहे.

विश्वाच्या जाळ्याचं चित्र रंगवलं ते चीनमधल्या हुआयेन पंथाने. इंद्राच्या जाळ्याच्या प्रत्येक गाठीत एक रत्न आहे आणि प्रत्येक रत्नात बाकीची सगळी दिसतात, अशी ही कल्पना. हे शिष्यांना कळावं म्हणून आचार्य फात्सांग (643–712) यांनी चहूबाजूंनी, वर आणि खाली आरसे लावून मध्ये बुद्धमूर्ती आणि दिवा ठेवला होता, असं परंपरा सांगते.

महाराष्ट्रात हा विचार कुठे दिसतो?

अजिंठ्याच्या 17 क्रमांकाच्या लेण्यात. तिथल्या ओसरीच्या डाव्या भिंतीवर भवचक्राचं चित्र आहे. त्याचा थोडाच भाग आता उरला आहे. जन्म-मरणाचं फिरतं चक्र दाखवणारं हे चित्र सुरुवातीच्या अभ्यासकांना राशिचक्र वाटलं, म्हणून या लेण्याला एकेकाळी ‘राशिचक्राचं लेणं’ असंही म्हटलं जायचं.

दुसरा दुवा आहे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा. त्यांच्या निधनानंतर 1957 मध्ये प्रकाशित झालेल्या ‘द बुद्धा अँड हिज धम्मा’मध्ये त्यांनी कार्यकारणभाव हा बुद्धांच्या विचाराचा पाया मानला आहे. प्रत्येक घटनेला कारण असतं आणि ते मानवी किंवा नैसर्गिक असतं, म्हणून दैवी हस्तक्षेपाला तिथे जागा उरत नाही. गरिबी आणि हीन वागणूक पूर्वजन्माच्या माथी मारली की समाज आणि सरकार जबाबदारीतून सुटतात, हेही त्यांनी दाखवून दिलं.

पुनर्जन्माचा अर्थ कसा लावायचा यावर बौद्ध परंपरांमध्ये आणि आंबेडकरांच्या मांडणीत मोठा फरक आहे. थेरवादी आणि तिबेटी परंपरा बारा कड्यांचा अर्थ अनेक जन्मांच्या संदर्भातही लावतात. पण दुःखाला कारणं असतात आणि ती हटवता येतात, हे सगळ्यांनाच मान्य आहे.

थोडक्यात

प्रतीत्यसमुत्पाद ‘जे व्हायचं ते होणारच’ असं सांगत नाही, आणि ‘सगळं तुझ्याच हातात आहे’ असंही सांगत नाही. तो प्रश्न बदलतो. आजारी माणसाच्या उशाशी बसून ‘याने मागच्या जन्मी काय केलं असेल?’ असं विचारण्याऐवजी ‘हे कशामुळे झालं आणि त्यातलं काय बदलता येईल?’ असं विचारायला लावतो. त्याचं उत्तर औषधात असेल, हवापाण्यात असेल, सवयीत असेल किंवा समाजाच्या वागण्यातही असेल.