कमान : आबूच्या तोरणापासून सावित्रीच्या पुलापर्यंत

वेल्ह्याहून केळदकडे जाणाऱ्या वाटेवरील पासलीच्या परिसराला तोरणा किल्ल्याचा शेजार लाभला आहे. गडावर तोरणीची झाडे विपुल, म्हणून हे नाव पडले असे सांगतात. नावात तोरण असले तरी मंदिरातील तोरण आणि गडाच्या दरवाजाची कमान या दोन सर्वस्वी भिन्न वस्तू होत, हे मात्र सहसा कोणाच्या ध्यानी येत नाही.

आबूवरील देलवाड्याची यात्रा ज्यांनी केली आहे, त्यांच्या डोळ्यांसमोर विमलवसहीतील (इ. स. १०३१) व लूणवसहीतील (इ. स. १२३०) संगमरवरी तोरणे असतीलच. दोन खांबांमध्ये झुलणारी ती नाजूक वळणे कमानीसारखी भासतात; परंतु छताचा खरा भार खांब आणि तुळयाच वाहतात. तेथील घुमटही एकावर एक पुढे सरकविलेल्या थरांचे आहेत. प्रत्येक थर आपल्या वजनाने सरळ खाली दाबतो. बाजूला रेटत नाही.

खऱ्या कमानीचे तत्त्व वेगळे. पाचरीच्या आकाराचे दगड लाकडी सांगाड्यावर दोन्ही बाजूंनी रचीत आणावयाचे, माथ्यावर कळीचा दगड बसवावयाचा आणि मग सांगाडा काढून घ्यावयाचा. दगड पडू पाहतो, पण शेजारचा दगड त्याला पडू देत नाही. वरचा भार मात्र अशा रीतीने दोन्ही अंगांना रेटा देत राहतो आणि हा रेटा क्षणभरही थांबत नाही. कमान कधी झोपत नाही, अशी येथील लोकांची धारणा असल्याचे स्थापत्येतिहासकार जेम्स फर्ग्युसन यांनी एकोणिसाव्या शतकात नमूद केले आहे. आपल्या कारागिरांना कमान ठाऊकच नव्हती, हा समज चुकीचा होय. उत्तर प्रदेशातील भितरगावच्या गुप्तकालीन विटांच्या मंदिरात खरी कमान आहे. दगडी मंदिरांत त्यांनी ती टाळली, एवढेच.

आकार मात्र आपल्याकडे फार जुना. भाजे व कार्ले येथील चैत्यगवाक्षांची नालाकृती गोलाई दोन हजार वर्षांची आहे. पण ती बांधलेली नाही, लाकडी वास्तूचे अनुकरण म्हणून अखंड कातळात कोरलेली आहे.

बांधीव कमान दख्खनमध्ये रुळली ती सुलतानी अमदानीत, आणि तीही टोकदार. सारख्याच रुंदीची टोकदार कमान अधिक उंच नेता येते व तिचा आडवा रेटा कमी असतो. गडांचे दरवाजे, पुण्याच्या शनिवारवाड्याचा दिल्ली दरवाजा, सर्वत्र हीच टोकदार कमान दिसते. अर्धवर्तुळाकार कमानीला ही मोकळीक नाही. तिची उंची रुंदीच्या निम्मीच राहावयाची. मेसोपोटेमियात विटांची कमान प्राचीन काळापासून होती. तिच्या गोल रूपाला भव्यता दिली रोमन लोकांनी, आपल्या पुलांत व जलवाहिन्यांत. पोर्तुगीजांनी हे रूप वसईच्या चर्चमध्ये आणले आणि इंग्रजांच्या रेल्वेने ते सह्याद्रीत चढविले.

बोरघाटातील लोहमार्ग १८६३ साली खुला झाला. (हा घाट खंडाळ्याचा, इंग्रजी लिखाणात तो ‘भोर घाट’ असा आढळतो, त्यावरून त्याचा संबंध आपल्या भोरशी जोडू नये.) त्या मार्गावर २५ बोगदे व अनेक दगडी पूल होते. त्यांतील एका पुलाला पन्नास-पन्नास फुटी आठ अर्धवर्तुळाकार कमानी होत्या. उंची १६३ फूट. १९ जुलै १८६७ रोजी हा पूल कोसळला. कारण ठरले निकृष्ट दगडकाम. कमानीच्या शास्त्रात खोट नव्हती. खोट होती ती बांधणाऱ्यांच्या सचोटीत, असेच म्हणावे लागेल. बाहेरून दिसणारा चिरा कितीही घोटीव असला, तरी रेटा सोसावयाचा असतो तो आतल्या भरावाने.

दुसरे उदाहरण अधिक जवळचे व अधिक वेदनादायी आहे. केळदजवळच्या मढे घाटाने खाली उतरणारी वाट महाडच्या मुलखात पोहोचते. तेथे मुंबई-गोवा महामार्गावर सावित्री नदीवर १९२८ साली बांधलेला दगडी कमानींचा पूल होता. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महापुरात तो वाहून गेला आणि त्याबरोबर एस. टी. च्या दोन गाड्या व अन्य वाहनांतील प्रवासी नदीत लोटले गेले. तोलून धरणाऱ्या आधारांपैकी एक जरी हलला, तरी कमानीतील प्रत्येक दगड शाबूत असूनही ती उभी राहू शकत नाही. म्हणून दगडी पुलाची तपासणी वरच्या रस्त्यावरून करून भागत नाही. पाण्याखाली पाया किती उघडा पडला आहे, हे पाहावे लागते. भोर-वेल्ह्याच्या मावळात पावसाळा कसा असतो, हे येथील वाचकांना सांगावयास नको.

सावित्रीवरील नवा पूल १६५ दिवसांत उभारला गेला व ५ जून २०१७ रोजी वाहतुकीस खुला झाला. त्याला कमान नाही. खांबांवर आडव्या तुळया आणि त्यांवर रस्ता, अशी त्याची रचना आहे.